निकालाच्या दिवशी चार मिनिटे

परवा, १ मे रोजी, माझ्या चौथीतल्या मुलीला तिच्या शाळेने चार वर्षांच्या मोबदल्यात चार मिनिटे दिली. शाळा चौथीपर्यंतच असल्याने पाचवीला सगळ्यांची पांगापांग ठरलेली. त्यामुळे ही मुलगी पंधरा दिवस कॅलेंडरवर फुल्या मारून सुट्टीची वाट पाहत होती आणि रात्री उशीत तोंड खुपसून रडतही होती. एका जुन्या लग्नपत्रिकेच्या कोऱ्या बाजूवर तिने बाईंसाठी रंकाळा काढला होता, काठाला दोन बदके होती आणि खाली ‘तुमची लाडकी’मधले ‘लाडकी’ खोडून ‘विद्यार्थिनी’ केले होते. वर्गाच्या दारात मात्र टेबल आडवे टाकलेले: सही करा, प्रगतिपुस्तक घ्या, सुट्टीतल्या अभ्यासाच्या झेरॉक्सचे साठ रुपये सुट्टे द्या आणि पुढे सरका. बाईंना मान वर करायला फुरसत नव्हती, त्यामुळे चित्र पिशवीतच राहिले. शिपाईमामा कुलूप घेऊन आले तेव्हा “एकदा माझ्या बाकावर बसून येऊ?” असे तिने विचारले आणि “आता कशाला?” असे उत्तर मिळाले.

कशाला म्हणजे काय? ज्या कोल्हापुरात शाहू महाराजांना १९१७ साली प्राथमिक शिक्षण मोफत करून शिवाय सक्तीचेही करावे लागले, तिथे आज एक मूल शाळेतून निघायला तयार नाही, तर त्याला हाकलण्याची केवढी घाई! डिसेंबरात स्नेहसंमेलनाच्या नऊवारीसाठी घेतलेली अनामत परत करताना ही घाई कुठे असते, हेही एकदा कळू द्या.

घरी येईपर्यंत जिन्यात तिघांनी “किती टक्के?” म्हणून अडवले. प्रगतिपुस्तकात टक्के नसतात, श्रेणी असते, हे सांगून माझी जीभ झिजली आहे, ‘अ-१’ म्हटले की “म्हणजे किती?” हा प्रश्न ठरलेलाच. वर त्या सुजलेल्या डोळ्यांकडे पाहून “आता काय, मज्जाच मज्जा!”

रात्री हे सारे मी तावातावाने नवऱ्याला ऐकवत असताना ती शांतपणे म्हणाली, “आई, सोमवारपासून पोहणं आणि अबॅकस दोन्ही आहे ना?” दोन्हींचे पैसे मीच भरले होते. आणि खरे सांगायचे तर ते “आता कशाला?” हेदेखील माझेच होते, कारण गाडी फाटकासमोर नो पार्किंगमध्ये होती आणि कोपऱ्यावर क्रेन दिसत होती. शिपाईमामा तर कुलूप हातात धरून थांबले होते.