कावळा शिवेना

“अंगठा ठेवा.” ठेवला. “दाबा की.” दाबला. यंत्राचा दिवा तांबडाच. “पुसून ठेवा.” पॅंटला पुसून ठेवला. मग दुसरा अंगठा, मग तर्जनी, मग मधलं. करंगळीपर्यंत दहाही बोटांची हजेरी झाल्यावर काउंटरवरचा पोरगा मान हलवून म्हणाला, “बरवल्दु री अज्जा.” येत नाही.

येणार कुठनं? एकतीस वर्षं उद्यमबागेतल्या फौंड्रीत मोल्डर होतो. वाळू चाळली, साचे ठोकले, गरम कास्टिंग झाडली. तळहातावरच्या भविष्याच्या रेषा तेवढ्या राहिल्या, बोटांवरच्या सगळ्या वाळूनं नेल्या. बोटं झिजवली म्हणून पेन्शन लागली, आणि आता बोटं झिजलीत म्हणून ती अडली. पेन्शन म्हणजे तरी काय, पीएफवाल्या कामगारांची, ईपीएस ९५ची. २०१४ पासून कमीत कमी १००० रुपये देतात. मला त्याहून साडेसहाशे जास्त, त्यामुळे आमच्या गल्लीतल्या कट्ट्यावर मी सावकार.

तर हयातीचा दाखला. बाकीच्या पेन्शनरांचा हंगाम नोव्हेंबरात. आम्हा ईपीएसवाल्यांना तो वर्षात कधीही देता येतो, दिल्या दिवसापासून वर्षभर चालतो. हे कळल्यावर मी फार खूश झालो. पण गेल्या खेपेचा नोव्हेंबरातच दिलेला, म्हणून यंदाही नोव्हेंबरातच रांगेत.

आणि नोव्हेंबर म्हणजे बेळगावात आधीच गडबडीचा महिना. १ तारखेला एकीकडे कर्नाटक राज्योत्सवाची मिरवणूक, एकीकडे आम्हाला कर्नाटकात घातल्याच्या निषेधाची, काळ्या दिनाची सायकल फेरी. फेरीसाठी म्हणून मी माझी फौंड्रीची सायकल अजून ठेवलीय. गुडघ्यांमुळे मी ती चालवत नाही, हाताला धरून चालतो, पण फेरीत असतो. बायकोचं म्हणणं, पडवी अडते. “एक दिवस भंगारात घालून सोडतो बघा,” असं ती दर आठवड्याला म्हणते. (आमच्याकडे बायकाही ‘करतो-जातो’च म्हणतात, पुण्याच्या पाहुण्यांनी दचकू नये.)

२०१४ सालच्या त्याच १ नोव्हेंबरला सरकारी कागदावरचं ‘बेळगाम’ जाऊन ‘बेळगावी’ आलं. आणि १० नोव्हेंबरला दिल्लीत जीवन प्रमाणाचा, म्हणजे ह्या यंत्रावरच्या हयातीच्या दाखल्याचा, शुभारंभ झाला. मोजून बघा. बेळगाम गेलं, आणि बरोबर दहाव्याला हयातीचा दाखला! तेव्हापासून माझं असंच चाललंय. यंत्र समोर, बोट समोर, आणि कावळा काही शिवेना.

बोटं सरल्यावर पोरानं नाव तपासलं. आडनाव चौगुले. आधारावर ‘चौ’ला ओ-यू, पीएफच्या कागदात ए-यू. म्हणजे पेन्शन एका चौगुल्याची आणि हयात दुसराच. “दुरुस्ती करून आणा, मग अपॉइंटमेंट घ्या.” अपॉइंटमेंट घ्यायला ऑनलाइन जायचं. ऑनलाइन गेलो तर ओटीपी त्या मोबाइलवर, जो २०१७ च्या पावसात मार्कंडेय नदीला अर्पण झालाय. दुसऱ्या खेपेला फलक कन्नडात, फॉर्म इंग्रजीत, मराठी फक्त रांगेत. तिसऱ्या खेपेला कागद सगळे बरोबर होते, म्हणून सर्व्हर नव्हता. “नाळे बर्री.” उद्या या. सीमाप्रश्नाचा दावा २००४ पासून सर्वोच्च न्यायालयात आहे, त्यामुळे ‘उद्या’ या शब्दाचं आम्हा मंडळींना भय वाटत नाही.

तरी मी सुखी. माझ्या चुलतभावाचा डावा पाय लहानपणीच पोलिओनं गेला. जुना कागदी दाखला होता, तो आता चालत नाही, अपंगांचं युडीआयडी कार्ड पाहिजे. ऑनलाइन अर्ज भरला, तपासणीची तारीख आली. तपासणी दुसऱ्या मजल्यावर, लिफ्ट बंद. मी काखेत हात घालून, तो कठडा धरून, एकेक पायरी करत वर पोचलो. घामानं त्याचा सदरा पाठीला चिकटलेला. साहेबांनी मान वर न करता विचारलं, “जिना चढता येतो?” भाऊ अभिमानानं म्हणाला, “आलो की चढून!” मी खालनं जोरात चिमटा काढला. चाळीस टक्क्यांच्या खाली आला तर कार्डाचा उपयोग काय? मग त्यानं कण्हून दाखवलं. खरं दुखत होतं तेव्हा कण्हला नव्हता, हे खोटं कण्हणं मात्र फार सुरेख जमलं.

शेवटी नात म्हणाली, “आजोबा, २०२१ पासून चेहऱ्यावर होतंय की, घरातच करूया.” तिनं मोबाइलमध्ये दोन अ‍ॅप घातली. नवा नंबर, ओटीपी, पेन्शनचा पीपीओ नंबर, बँकेचं खातं. मग ती मोठ्यानं वाचू लागली, “पुनर्विवाह केला आहे काय?”

स्वयंपाकघरातला झाऱ्याचा आवाज थांबला.

“नाही लिही,” आतनं उत्तर आलं. “ह्यांना कोण करतंय!”

मग चेहरा. गोल वर्तुळात तोंड बसवायचं आणि पापणी मिटायची. आमच्या पिढीला फोटो म्हटलं की डोळे ताणून धरायची शिस्त. नात म्हणते मिटा, मी आणखी ताणतो. वर्तुळ तांबडं. पडवीत उजेड जास्त, तांबडं. देवघरात अंधार, तांबडं. चष्मा काढला, तांबडं. मोतीबिंदू काढलेल्या डोळ्यातनं पाणी ओघळायला लागलं. शेजारचे दोघंतिघं येऊन कडेनं उभे राहिले, अगदी घाटावर राहतात तसे. एक हळूच म्हणाला, “काहीतरी इच्छा राहिली असणार.”

बायको पदराला हात पुसत बाहेर आली. माझ्याकडं बघितलं, पडवीतल्या सायकलीकडं बघितलं आणि हात जोडून म्हणाली, “बरं बाबा, ती सायकल नाही घालत भंगारात. झालं?”

मी चकित होऊन पापणी मिटली. वर्तुळ हिरवं झालं.

मेसेज वाजला, प्रमाण आयडी आला, नातीनं टाळी दिली. मंडळी पांगली. मी डोळे पुसत खुर्चीवर टेकलो तेवढ्यात बायकोनं विचारलं, “हे वर्षभर चालतंय न्हवं?”

“वर्षभर,” मी म्हणालो.

“मग उद्याच भंगारवाल्याला बोलवतो,” ती म्हणाली आणि फोडणी द्यायला आत गेली.