खुलासा: इमर्जन्सी सर्टिफिकेटवर पुढची सहल होत नाही

‘परदेशात पासपोर्ट हरवला तर भारतीय दूतावास इमर्जन्सी सर्टिफिकेट देतो, त्यावर उरलेली सहल करता येते’ हा मेसेज फिरतोय. पहिला भाग बरोबर, दुसरा चूक. हे सर्टिफिकेट फक्त भारतात परतण्याच्या एकेरी प्रवासासाठी असतं. दूतावासांच्या सूचनांत तसं स्पष्ट लिहिलेलं असतं. आधी पोलिसांत तक्रार नोंदवा. तिची प्रत, फोटो आणि पासपोर्टची झेरॉक्स सोबत न्या. झेरॉक्स नसेल तर नागरिकत्वाच्या पडताळणीत वेळ जातो.

खरी अडचण विमानतळावर येते. व्हिसाचा शिक्का हरवलेल्या पासपोर्टातच गेलेला असतो, म्हणून अनेक देशांत इमिग्रेशनकडून बाहेर पडण्याची परवानगी वेगळी काढावी लागते. ती दूतावास देत नाही. पुढे फिरायचंच असेल तर नवा पासपोर्ट मागा, थांबावं लागलं तरी. कृपया जुना मेसेज पुढे पाठवू नका.