माहेर आहे ना, मग कसलं नैराश्य?

आमच्या डिचोलीच्या ग्रुपांवर एक मजकूर फिरतोय. बाळंतपणानंतरचं नैराश्य हे मोठ्या शहरांतल्या एकट्या बायकांचं दुखणं. गोव्यात माहेर, वाडा, धालो (बायकांचा रात्री गाण्या-नाचण्याचा सण) आहेत, म्हणून ते इथे होत नाही. आज्यांनी आठ-आठ बाळंतपणं काढली, त्यांना कुठे काय झालं? आणि डॉक्टरकडे नेलं की बाईवर शिक्का बसतो. तिघींनी मला तो पाठवला. त्यातली एक गरोदर आहे, म्हणून लिहायला बसले.

गोव्यात होत नाही, हे साफ खोटं. मनोविकारतज्ज्ञ डॉ. विक्रम पटेल आणि सहकाऱ्यांनी गोव्यातल्याच जिल्हा रुग्णालयात अभ्यास केला, तो 2002 साली प्रसिद्ध झाला. बाळंतपणानंतर 6 ते 8 आठवड्यांनी 23 टक्के आयांना नैराश्य होतं. पैशांची ओढाताण आणि नवऱ्याशी न पटणं ही त्यातली मोठी कारणं.

आता माहेर. मी माहेरीच बाळंत झाले. मेथ्यांची पेज, शेकशेगडी, न्हाऊ घालायला बाई, कशाला म्हणून कमी नव्हतं. येणारं प्रत्येक माणूस पाळण्यावर वाकायचं, नाक कुणाचं, रंग कुणाचा. आई दिवसभर चहाच्या कपबशा विसळायची. मी भिंतीकडे तोंड करून रडायचे आणि दूध उतरत नाही म्हणून रडते, असं सांगायचे. एका दुपारी शेजारची काकी आली. पाळण्याकडे न जाता तेलाची वाटी घेऊन माझ्यामागे बसली, आठ दिवसांचा गुंता सोडवत म्हणाली, “रात्री झोप लागते गो तुला?” तोवर हे मला कुणी विचारलंच नव्हतं. घरात माणसं भरपूर होती, आधार झाला तो तिचा.

धालो मला जीव की प्राण. पण ते पौषातल्या रात्रींचे. भाद्रपदात बाळंत झालेलीने काय करायचं? आणि पौषातच झाली, तरी अंगावरचं बाळ टाकून धालोच्या मांडावर जाणार कशी?

आज्यांनाही होत होतं, तेव्हा त्याला ‘बाहेरचं लागलं’ म्हणायचे आणि अंगारा लावायचे. दुसरेपणावर दिलेली एखादी आजी कितीतरी घरांत निघते. पहिली कशाने गेली, तेही विचारून पाहा.

राहिला शिक्का. मदत काही डॉक्टरकडेच मिळते असं नाही. गोव्यातच 280 गरोदर, नैराश्यातल्या बायकांबरोबर एक प्रयोग झाला, निष्कर्ष 2019 मध्ये आले. स्वतः आई असलेल्या स्थानिक बायकांना शिकवून ‘सखी’ केलं. त्या ठरल्याप्रमाणे 6 ते 14 वेळा एकेकीशी बोलायला बसायच्या. बाळंतपणानंतर सहा महिन्यांनी पाहिलं, तर सखी नसलेल्यांपेक्षा सखी असलेल्यांत बऱ्या झालेल्या बायका जास्त निघाल्या. फरक थोडाच होता, पण होता. म्हणजे बाईला बाई लागते हे खरंच, फक्त ती पुन्हा पुन्हा यायला हवी आणि तिला ऐकता यायला हवं. बाळंतीण मरणाचं बोलू लागली तर मात्र सखीवर थांबू नका, त्याच दिवशी डॉक्टरकडे न्या. टेलीमानस या मनाच्या आजारांसाठीच्या मदतसेवेचा 14416 हा सरकारी नंबर फुकट आहे.

त्या गरोदर मैत्रिणीला मी कळवलंय: बारशाला येईनच, पण त्याआधी दर मंगळवारी दुपारी येणार, तेलाची वाटी घेऊन.