सही झाली म्हणजे होकार झाला का?

धरमपेठेतल्या आमच्या कट्ट्यावर रविवारी वाद पेटला तो प्रशांतच्या एका प्रश्नावरून. पोर्न चित्रपट बाईने दिग्दर्शित केला आणि त्यात धड गोष्ट असली, एवढ्यावर तो स्त्रीवादी कसा ठरतो, असे त्याने विचारले. वकिली करणाऱ्या वैशालीने थेट १९८४ गाठले. त्या वर्षी कँडिडा रॉयल या अमेरिकन अभिनेत्रीने, या धंद्यात स्वतः कॅमेऱ्यापुढे काम केल्यानंतर, ‘फेम प्रॉडक्शन्स’ ही कंपनी काढली आणि स्त्रीच्या सुखाला मध्यभागी ठेवून चित्रपट बेतले. पुढे बार्सिलोनात स्थायिक झालेल्या एरिका लस्ट या स्वीडिश दिग्दर्शिकेने प्रेक्षकांनी निनावी कळवलेल्या कल्पनांवर लघुपट करायला घेतले. “त्यातल्या बाईला मन असते, आवडनिवड असते, मोबाइलवर जे फुकट फिरते त्यात ती नुसते शरीर असते,” असे वैशालीचे म्हणणे.

प्रशांतला हे पटले नाही. स्त्रीवाद्यांचेच यावर कुठे एकमत आहे, असे म्हणत त्याने १९८३ मधल्या अमेरिकेतील मिनियापोलिस शहराचा दाखला दिला. तिथे अँड्रिया ड्वर्किन आणि कॅथरीन मॅकिनन या स्त्रीवाद्यांनी पोर्न म्हणजे स्त्रियांच्या नागरी हक्कांचे उल्लंघन, असा कायद्याचा मसुदा केला होता. नगर परिषदेने तो संमत केला आणि महापौरांनी नाकारला. (प्रशांत वाचून येतो आणि आम्हाला तसे जाणवूही देतो.)

शुभांगी इतका वेळ गप्प होती. ती हौशी रंगभूमीवर काम करते. एका तालमीत दिग्दर्शकाने “घट्ट मिठी मार” एवढेच फर्मावले आणि तिला काय चालेल, हे कोणी विचारलेच नाही, असे तिने सांगितले. तिच्या मते खरा प्रश्न पडद्यामागचा आहे. काय करणार आणि काय नाही, याची यादी चित्रीकरणाआधी ठरली का, खोलीत कोण थांबणार हे नटीला ठाऊक आहे का, आणि मुख्य म्हणजे मध्येच “बस” म्हटले तर कॅमेरा थांबूनही तिचे मानधन शाबूत राहते का? मला तिचेच म्हणणे पटले, कारण गोष्ट प्रेक्षकासाठी असते आणि या अटी काम करणाऱ्या बाईसाठी असतात. चांगली गोष्ट लिहिणारा निर्माता पैसे बुडवणारच नाही, अशी काही खात्री नसते.

वैशालीने कराराचा मुद्दा पुढे केला, तेव्हा शुभांगीने अमेरिकेतल्या सॅन डिएगोचा, पोर्न निर्मात्यांविरुद्धचा खटला काढला. तिथे २२ तरुणींनी करारांवर सह्या केल्या होत्या, पण चित्रफिती इंटरनेटवर येणार नाहीत, अशी थाप त्यांना मारली होती. जानेवारी २०२० मध्ये न्यायालयाने त्यांच्या बाजूने निकाल देऊन सुमारे १ कोटी २७ लाख डॉलरची भरपाई मंजूर केली. सही होती, होकार मात्र फसवून घेतलेला होता.

मिलिंदने गाडी आपल्या देशात आणली. माहिती तंत्रज्ञान कायद्याचे कलम ६७अ पोर्न चित्रफितीच्या इलेक्ट्रॉनिक प्रसारणाला पहिल्या गुन्ह्यासाठी पाच वर्षांपर्यंत कैद आणि दहा लाखांपर्यंत दंड सांगते, आणि नटी राजी होती की नाही, हे त्या कलमात विचारलेलेच नाही. मग इथे कोणी कितीही नेकीने चित्रपट काढला, तरी मानधन बुडालेली नटी कोणत्या तोंडाने पोलीस ठाण्याची पायरी चढेल? दीक्षाभूमीच्या शहरात राहून आपल्याला एवढे तरी आठवायला हवे, असे तो पुढे म्हणाला, की र. धों. कर्व्यांवर ‘समाजस्वास्थ्य’ या मासिकासाठी अश्लीलतेचा खटला झाला, तेव्हा १९३४ मध्ये त्यांचे वकीलपत्र बाबासाहेबांनी घेतले होते. वैशालीने मान डोलावली, पण कर्वे लैंगिक ज्ञान देत होते आणि इथे करमणूक विकली जाते, हा फरक तिने बजावला.

प्रशांत मात्र करारालाच चिकटून होता. पाच वर्षांनी त्या नटीला चित्रपट मागे घ्यावासा वाटला तर? करारात तसे कलम घालता येते, वैशाली म्हणाली, आणि निर्माता आपली प्रत काढूनही टाकेल. लोकांनी उतरवून घेतलेल्या प्रतींचे काय, यावर तिच्याकडेही उत्तर नव्हते.