फाटला नाही, फाडलाय!

"भाऊ, आवाज फाटून राहिला ना!"

झालं. पुन्हा तेच. अरे, फाटला नाही, मी फाडलाय! तीन रात्री जागून फाडलाय!

मी गाणी करणाऱ्यांना आवाज रेकॉर्ड करून देतो. मागताना सगळ्यांना 'एकदम रॉ', म्हणजे कच्चं, खरखरीत हवं असतं. मग मी मे महिन्यात गच्चीवर घामाघूम होऊन जुन्या कूलरचा खरखराट टिपतो. नागपूरच्या मारबतीच्या मिरवणुकीतले ढोल रेकॉर्डरचा गेन, म्हणजे आवाज घेण्याची पातळी, मुद्दाम चढवून घेतो, कॅसेट डेकमधून दोनदा फिरवतो. आणि हे लोक काय करतात? खरखर काढणारं नॉइज रिडक्शन लावून सगळं धुऊन काढतात! मग रॉ मागितलंच काऊन?

आवाज फाडणं म्हणजे ध्वनिलाटेचं डोकं छाटणं. ते छाटलं की मूळ आवाजात नसलेले हार्मोनिक्स, म्हणजे मूळ सुराच्या दुप्पट, तिप्पट असे पटीतले वरचे सूर, जन्माला येतात. दोन्ही बाजूंनी सारखं छाटा, विषम पटीतले मिळतात. एकीकडे जास्त छाटा, समही येतात. ही चूक आहे का? अमेरिकन गिटारवादक लिंक रेनं 1950 च्या दशकात गिटारच्या अॅम्प्लिफायरच्या स्पीकरला पेन्सिलीनं भोकं पाडली ती याच गुरगुराटासाठी. 1962 मध्ये तर माएस्ट्रो फझ-टोन हा गिटारचा आवाज फाडणारा पेडलच विकायला आला. लोकांनी पैसे मोजले या फाटण्याचे!

दुसरी जमात त्याहून भयंकर. ढोल, बेस, गळा, सगळ्यावर फाडण्याचा एकच प्रीसेट, म्हणजे आयती सेटिंग, तोही फुल्ल! खर्जाचा पार चिखल. अहो, शंभर हर्ट्झखालचं, म्हणजे खर्जाचं, साफ ठेवा, वरचं फाडा, मग दोन्ही मिसळा. किती वेळा सांगायचं?

आत्ताच मेसेज आला: "भाऊ, थोडं क्लीन करून दे ना."

नाही करणार!