टीव्हीवर गेलेली डॉक्टर म्हणजे बिघडलेली डॉक्टर?

गेले काही महिने एक मत वेगवेगळ्या अवतारांत फिरतंय. कधी लांबलचक मेसेज होऊन येतं, कधी कुणाच्या व्हिडिओखाली दोन ओळींत. त्याचा मथितार्थ असा: रिॲलिटी शोमध्ये गेलेली डॉक्टर ही आधी नटी, मग डॉक्टर. हाडाच्या डॉक्टरला शूटिंगला वेळच नसतो. शो आटोपला, मागणी आटली, की या बायका महिला आरोग्याचा झेंडा खांद्यावर घेतात. असल्या कार्यक्रमांनी आजवर कुणाचं भलं झालं नाही, झाली ती दिशाभूल. आणि बाईच्या दुखण्याचं बाईनं आपल्या डॉक्टरशी बोलावं, ते चव्हाट्यावर कशाला आणायचं?

वाचायला झणझणीत आहे, म्हणून फॉरवर्डही होतं. पण यातला एकेक दावा एखाद्या खऱ्या बाईच्या आयुष्यावर ताडून पाहिला की त्याचे टाके उसवायला लागतात. मी अमेरिकेतल्या अटलांटाच्या डॉ. जॅकलिन वॉल्टर्स यांना निवडते. टीव्हीवर त्यांना डॉ. जॅकी म्हणतात. ब्राव्हो वाहिनीवर मार्च २०१३ मध्ये ‘मॅरिड टू मेडिसिन’ हा रिॲलिटी शो सुरू झाला. अटलांटातल्या कृष्णवर्णीय डॉक्टर बायका आणि डॉक्टरांच्या बायका, त्यांचे संसार, मैत्री, पार्ट्या आणि भरपूर भांडणं, असा तो सगळा मामला. जॅकी त्यात पहिल्या पर्वापासून आहेत.

तर ‘आधी नटी, मग डॉक्टर’. इथे मेसेजवाल्यांनी कॅलेंडरच उलटं धरलंय. कॅमेरा दारात आला तेव्हा जॅकी स्त्रीरोग आणि प्रसूतितज्ज्ञ म्हणून कित्येक वर्षं काम करत होत्या. त्यांच्याच शोमधल्या डॉ. सिमोन व्हिटमोर याही प्रसूतितज्ज्ञ. निर्मात्यांनी नट्यांना पांढरे कोट चढवले नव्हते, चालत्या दवाखान्यांतल्या बायका उचलल्या होत्या. आपल्याकडचं उदाहरण हवं असेल तर पनवेलच्या अदिती गोवित्रीकर आहेत. ग्रँट मेडिकल कॉलेजातून एमबीबीएस, मग २००१ साली मिसेस वर्ल्ड, मग २००९ मध्ये बिग बॉसचं तिसरं पर्व. पुढे त्या मानसशास्त्राकडे वळल्या, महिला आरोग्याचा झेंडा वगैरे काही त्यांनी उचलला नाही, पण पदवी आधी आणि पडदा नंतर हा क्रम तिथेही तोच. पडद्यावर आधी दिसली म्हणजे ती आधी तेच होती, हा प्रेक्षकाचा भ्रम आहे. त्याचं खापर डॉक्टरवर कशाला?

वेळेचा मुद्दा फार लांबवत नाही. आमदारकी लढवणाऱ्या, कारखान्याच्या संचालक मंडळावर बसणाऱ्या, रविवारी दिवसभर क्रिकेट खेळणाऱ्या डॉक्टरसाहेबांना ‘ओपीडी कोण बघतं?’ असं विचारलेलं मी तरी ऐकलं नाही. हा प्रश्न ठरावीक डॉक्टरांनाच पडतो आणि त्या बहुतेक वेळा बायका असतात.

आता झेंड्याकडे येऊ, कारण सगळ्यात जास्त विष या वाक्यात आहे. शो संपल्यावर पोटापाण्यासाठी महिला आरोग्य. जॅकींना स्तनाचा कर्करोग झाला, एकदा नाही, दोनदा. दुसऱ्यांची बाळंतपणं करणाऱ्या या बाईंना स्वतःचं मूल होऊ शकलं नाही. हे त्यांनी शोमध्येच सांगितलं, भांडणांच्या आणि झगमगाटाच्या अधेमधे, अगदी सरळ आवाजात. कर्करोग झालेल्या बायकांसाठी त्यांनी ‘फिफ्टी शेड्स ऑफ पिंक’ नावाची संस्था काढली. २०२० मध्ये योनीच्या आरोग्यावर आणि लैंगिक आयुष्यावर, जे प्रश्न बायका तपासणीच्या टेबलावरही विचारत नाहीत त्यांच्यावर पुस्तक लिहिलं. आणि हे काम शो चालू असतानाचं. म्हणजे ‘मागणी आटल्यावर’ हेही खोटं.

पण नुसत्या चरित्रानं हा मुद्दा सुटत नाही, कारण त्या कुणासाठी बोलतात हे कळल्याशिवाय का बोलतात ते कळत नाही. अमेरिकेत स्तनाचा कर्करोग कृष्णवर्णीय स्त्रियांना गोऱ्या स्त्रियांपेक्षा किंचित कमीच होतो, तरी त्यानं मरण्याचं त्यांचं प्रमाण सुमारे ४० टक्के जास्त आहे. बाळंतपणाचे आकडे याहून वाईट. २०२१ साली तिथे दर एक लाख जिवंत जन्मांमागे ६९.९ कृष्णवर्णीय माता दगावल्या, गोऱ्या माता २६.६. ते कोविडचं वर्ष होतं असं कुणी म्हणेल, म्हणून २०२३ चे घ्या: ५०.३ आणि १४.५. साथ ओसरली, दोघींचेही आकडे उतरले, पण पटीत मोजली तर दरी उलट रुंदावली, अडीचपटीच्या आसपास होती ती साडेतीनपटीच्या आसपास गेली. आणि गर्भारपणाशी जोडलेले यातले ८० टक्क्यांहून जास्त मृत्यू टाळता येण्यासारखे असतात, असं सीडीसी या अमेरिकेच्या सरकारी आरोग्य संस्थेचंच म्हणणं आहे.

या सीडीसीचं मुख्यालय अटलांटात आहे, जॅकींच्याच गावात. तिथे डॉ. शॅलन आयर्व्हिंग नावाच्या साथरोगतज्ज्ञ होत्या. समाजातली विषमता माणसाच्या शरीरात कशी उतरते, हाच त्यांच्या अभ्यासाचा विषय. जानेवारी २०१७ मध्ये त्यांना मुलगी झाली. नंतर रक्तदाब चढत राहिला, पायावर सूज आली, वजन वाढत गेलं. त्या पुन्हा पुन्हा दवाखान्यात दाखवून आल्या आणि प्रत्येक वेळी घरी परतल्या. बाळ तीन आठवड्यांचं असताना त्या गेल्या. वय ३६. शिक्षण होतं, विमा होता, हा विषय तर त्यांच्याइतका क्वचितच कुणाला ठाऊक असेल. त्याच वर्षी सप्टेंबरात टेनिसपटू सेरेना विल्यम्स बाळंत झाली. दुसऱ्या दिवशी तिला धाप लागली. तिला पूर्वी फुप्फुसात रक्ताच्या गुठळ्या झालेल्या, त्यामुळे काय चाललंय हे तिला लगेच उमगलं. तिनं नर्सला सांगितलं, सीटी स्कॅन करा आणि रक्त पातळ करणारं औषध सुरू करा. नर्सला वाटलं, वेदनाशामकांमुळे ही बरळतेय. शेवटी स्कॅन झालं तेव्हा गुठळ्या सापडल्या. जगातल्या सर्वांत नावाजलेल्या खेळाडूला ‘माझ्या छातीत काय होतंय ते मला कळतंय’ हे पटवून द्यावं लागलं. अशा देशात एखादी कृष्णवर्णीय प्रसूतितज्ज्ञ लाखो बायकांच्या दिवाणखान्यात दर आठवड्याला दिसत असेल आणि ‘तुमचं ऐकून घेतलं नाही तर पुन्हा सांगा, दुसरा डॉक्टर गाठा’ हे त्यांच्या भाषेत बोलू शकत असेल, तर त्याला झेंडा म्हणा नाहीतर काठी म्हणा, तिचा उपयोग आहे.

‘असल्या कार्यक्रमांनी कुणाचं भलं झालं?’ याचं उत्तर तर लोणावळ्यातून सुरू होतं. ऑगस्ट २००८. बिग बॉसचं दुसरं पर्व, सूत्रसंचालक शिल्पा शेट्टी. ब्रिटनची रिॲलिटी स्टार जेड गुडी तिथल्या घरात राहायला आली होती. आदल्याच वर्षी ब्रिटिश शोमध्ये तिनं याच शिल्पाला वर्णद्वेषी बोल लावले होते, त्यामुळे सगळ्यांचं लक्ष भलतीकडेच होतं. शो सुरू होऊन दोन दिवसही झाले नसतील, तिला मायदेशाहून निरोप आला की गर्भाशयमुखाचा कर्करोग आहे. ती परतली. उपचार, लग्न, आजारपण, सगळं कॅमेऱ्यासमोर झालं, आणि २२ मार्च २००९ ला, २७ व्या वर्षी, ती गेली. अनेकांना तो तमाशा वाटला. पण इंग्लंडच्या तपासणी कार्यक्रमाच्या नोंदी नंतर तपासल्या गेल्या, तेव्हा २००८ च्या मध्यापासून २००९ च्या मध्यापर्यंत ४ लाखांहून अधिक जादा तपासण्या झाल्याचं दिसलं. ती गेली त्या महिन्यात तर अपेक्षेपेक्षा ७० टक्के जास्त. जेड डॉक्टर नव्हती, तिनं कसला उपदेशही केला नव्हता. केवळ ओळखीचा चेहरा होता म्हणून एवढ्या बायका उठून तपासणीला गेल्या.

पुढे तो ओघ ओसरला, हेही खरं. धक्क्यानं आलेली गर्दी धक्का विसरला की पांगते. म्हणून तर चेहरा ओळखीचा आणि शिक्षण डॉक्टरचं, असं माणूस वर्षानुवर्षं बोलत राहणं मला जास्त मोलाचं वाटतं. याच्या अगदी उलट टोक आपण फेब्रुवारी २०२४ मध्ये पाहिलं. पूनम पांडे गर्भाशयमुखाच्या कर्करोगानं वारल्याची बातमी तिच्याच खात्यावरून आली आणि दुसऱ्या दिवशी ती जिवंत हजर, कारण काय तर जनजागृती. रिॲलिटी शोमध्ये गेलेली ती बाईही आणि जॅकीही. मेसेजवाल्यांना दोघींत फरक दिसत नसेल तर दोष टीव्हीचा नाही.

दिशाभुलीचं मात्र मान्य करायला हवं, आणि पुरतं मान्य करायला हवं. २०१४ मध्ये बीएमजे या वैद्यकीय नियतकालिकात कॅनडातल्या संशोधकांनी अमेरिकेच्या दोन डॉक्टरी टीव्ही कार्यक्रमांतले सल्ले पुराव्याशी ताडून पाहिले. डॉ. ऑझ यांच्या कार्यक्रमातल्या जेमतेम ४६ टक्के सल्ल्यांना आधार सापडला. ‘द डॉक्टर्स’ नावाच्या दुसऱ्या कार्यक्रमात ६३ टक्क्यांना. आता गंमत बघा. ऑझ हे नामांकित हृदयशल्यविशारद, टीव्हीवर ते रिॲलिटी शोमधून आले नव्हते. ‘द डॉक्टर्स’चे सूत्रसंचालक ट्रॅव्हिस स्टॉर्क मात्र २००६ मध्ये ‘द बॅचलर’ या वधूसंशोधनाच्या रिॲलिटी शोचे नायक होते. ६३ टक्के हाही काही मिरवण्याचा आकडा नव्हे, पण मेसेजच्या हिशेबानं निकाल उलटा लागायला हवा होता. म्हणजे डॉक्टर कुठल्या दारानं टीव्हीत शिरला यावरून तो खरं बोलेल की नाही हे ठरत नाही. सल्ला एकेक करूनच तपासावा लागतो.

खरा गंभीर आक्षेप या मेसेजमध्ये नाहीच, याचं मला नवल वाटतं. तो आहे रुग्णाच्या संमतीचा. २०११ मध्ये न्यूयॉर्कच्या एका बड्या रुग्णालयात अपघातात जखमी झालेल्या माणसाचे शेवटचे क्षण रिॲलिटी शोसाठी चित्रित झाले. चेहरा धूसर केला होता, परवानगी घेतली नव्हती. वर्षभरानं त्याच्या बायकोनं घरी टीव्ही लावला आणि आवाजावरून नवऱ्याला ओळखलं. रुग्णालयाला २०१६ मध्ये २२ लाख डॉलर भरावे लागले. टीव्हीवरच्या डॉक्टरला जाब विचारायचा असेल तर तो असा विचारा: टेबलावर झोपलेल्या बाईला कॅमेरा नको म्हणायची खरी मोकळीक होती का? तिच्या साडीच्या किंवा लिपस्टिकच्या रंगावरून नको.

राहिला चव्हाटा. ‘आपल्या डॉक्टरशी बोलावं’ हे ऐकायला किती समंजस वाटतं. त्यासाठी आपला असा डॉक्टर असावा लागतो. डॉ. राणी बंग आणि डॉ. अभय बंग यांनी गडचिरोलीतल्या दोन गावांतल्या ६५० स्त्रियांची तपासणी केली आणि १९८९ मध्ये ‘लॅन्सेट’ या वैद्यकीय नियतकालिकात निष्कर्ष छापले. ९२ टक्के स्त्रियांना स्त्रीरोगांपैकी काही ना काही होतं. तक्रार सांगणाऱ्या ५५ टक्के. आणि त्याआधी कधी तपासणी-उपचार झालेल्या फक्त ८ टक्के. अंगावरून जातंय, कंबर धरलीय, पाळीत रक्त थांबत नाही, हे सगळं बाईच्या जातीला असायचंच म्हणून सोसलेलं. त्या बायका आपल्या डॉक्टरशी कधी बोलणार होत्या? जगाचं लक्ष बाळंतपणं आणि कुटुंबनियोजनावर होतं, बाकीच्या बाईवर नव्हतं. ते एका डॉक्टरीणबाईंनी छापून चव्हाट्यावर आणलं तेव्हा कुठे वळलं.

त्यानंतर तीस वर्षं उलटून गेली, तरी २०१९–२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत ३० ते ४९ वयाच्या भारतीय स्त्रियांपैकी गर्भाशयमुखाची तपासणी एकदा तरी झालेल्या निघाल्या १.९ टक्के. स्तनाची, ०.९ टक्के. ज्ञान नाही म्हणून हे झालेलं नाही. एचपीव्ही, म्हणजे हा कर्करोग घडवणारा विषाणू, त्याच्या एकदाच केलेल्या तपासणीनं या कर्करोगाचे मृत्यू जवळजवळ निम्म्यावर येतात, हे जगाला दाखवलं ते आपल्या उस्मानाबाद जिल्ह्यातल्या, म्हणजे आताच्या धाराशिवच्या बायकांनी. बार्शीचं कर्करोग रुग्णालय आणि मुंबईचं टाटा यांनी तिथे सव्वा लाखाहून अधिक स्त्रियांना घेऊन केलेला तो अभ्यास २००९ मध्ये छापून आला, जेड गुडी गेली त्याच वर्षी. तिकडे एका चेहऱ्यानं लाखो बायका हलल्या, इकडे पुरावा कपाटात राहिला.

शेवटची गोष्ट खास डॉक्टर मंडळींसाठी, कारण हे मत पुढे ढकलणाऱ्यांत तेही असतात आणि ‘आपल्या नीतिनियमांत हे बसत नाही’ अशी पुस्ती जोडतात. भारतीय वैद्यक परिषदेच्या २००२ च्या नियमावलीत जाहिरातबाजी करून रुग्ण ओढायला मनाई आहे. पण त्याच नियमावलीत, सार्वजनिक आरोग्याच्या विषयावर डॉक्टरनं स्वतःच्या नावानं वर्तमानपत्रात लिहायला, जाहीर व्याख्यान द्यायला, रेडिओ आणि टीव्हीवर बोलायला मोकळीक दिलेली आहे. पुस्ती जोडण्याआधी ते कलमही वाचावं.