मिसिंग आहे

सुट्टीच्या दिवशी सकाळी जुने फोटो लावायला बसलो. प्रोग्रामवर दोनदा क्लिक केलं आणि लाल फुलीची चौकट उगवली. ‘व्हीसीरनटाइम१४० डॉट डीएलएल’ ही फाइल तुमच्या संगणकावरून मिसिंग आहे, असं तिचं म्हणणं. माणूस हरवला तर निदान उंची, बांधा, अंगातले कपडे सांगतात. इथे नुसतं नाव, तेही हाक मारता येणार नाही असं. खाली एकच बटण: ‘ओके’. यात ओके काय होतं?

प्रोग्राम पुन्हा इन्स्टॉल करून पाहा, अशी सूचनाही चौकटीत होती. पण सांगितलेला सोपा उपाय पहिल्यांदाच करून मोकळं होणं माझ्या स्वभावात नाही. मी अभ्यासाला बसलो.

डीएलएल म्हणजे डायनॅमिक लिंक लायब्ररी. बऱ्याच प्रोग्रामांना लागणारी बारीकसारीक कामं प्रत्येकाने आपापली लिहिण्याऐवजी एका सामाईक फायलीत ठेवायची आणि गरज पडेल तेव्हा प्रत्येकाने तिथून उचलायची. मेमरी चिमूटभर होती तेव्हा ही काटकसर फार मोलाची होती. पण फाइल एक आणि धनी पन्नास म्हटल्यावर व्हायचं तेच झालं. नव्वदच्या दशकात एखादा प्रोग्राम स्वतःला इन्स्टॉल करताना नव्या डीएलएलच्या डोक्यावर आपली जुनी आवृत्ती खुशाल आणून बसवायचा आणि शेजारचे तीन प्रोग्राम जागीच आडवे व्हायचे. या प्रकाराला रीतसर ‘डीएलएल हेल’ असं नाव पडलं. पुढे विंडोज २००० मध्ये सिस्टीमच्या फायलींवर पहारा बसला.

तो पहारा आठवून मी काळ्या खिडकीत ‘एसएफसी स्कॅननाउ’ हा आदेश दिला. टक्के हळूहळू चढत राहिले. शंभर झाल्यावर उत्तर आलं की कुठेही बिघाड आढळला नाही. एसएफसी विंडोजच्या स्वतःच्या फायलींची शिरगणती करतं आणि हरवलेली बाई त्या कुटुंबातली नव्हतीच, हे मला नंतर कळलं.

मग जे कधीच करू नये ते केलं. फुकट डीएलएल वाटणारी एक साइट गाठली. तिथे डाउनलोडची पाच हिरवी बटणं होती, त्यातलं खरं एक. अनोळखी माणसाने दिलेली फाइल सिस्टीमच्या गाभाऱ्यात नेऊन ठेवणं म्हणजे काय, हा विचार त्या क्षणी शिवला नाही. ३२-बिट (जुन्या पिढीची) हवी की ६४-बिट (नव्या पिढीची), असं साइटने विचारलं. फोल्डरचं नाव सिस्टीम३२. मग ३२ च की! डोकं वापरल्याचा आनंद झाला.

आता नवी चौकट. ‘झीरो एक्स सी’, मग पाच शून्यं, मग ‘सेव्हन बी’.

भाचीला फोन लावला. आकडा पुरता वाचूनही झाला नव्हता.

“मामा, तू ३२-बिटची फाइल सिस्टीम३२ मध्ये टाकलीस ना?”

“मग ६४ मध्ये टाकू?”

“सिस्टीम३२ मध्ये ६४-बिटच्या फायली असतात. ३२-बिटच्या सिसवाव६४ मध्ये.”

फोन धरून मी गप्प बसलो. तिने समजावलं. ६४-बिट विंडोज आली तोवर असंख्य प्रोग्रामांमध्ये सिस्टीम३२ हा पत्ता पक्का लिहिलेला होता. नाव बदललं असतं तर सगळेच भरकटले असते, म्हणून पाटी तीच ठेवून आतलं बिऱ्हाड बदललं. एखादा ३२-बिटचा जुना प्रोग्राम सिस्टीम३२ मागतो, तेव्हा विंडोज त्याला गुपचूप सिसवाव६४ मध्ये नेऊन सोडते. त्याला शेवटपर्यंत पत्ता लागत नाही. मला त्याच्याबद्दल एकदम आपुलकी वाटली.

“ती फाइल आधी काढून टाक. मायक्रोसॉफ्टच्याच साइटवरून व्हिज्युअल सी प्लस प्लसचं रीडिस्ट्रिब्युटेबल घे. एक्स८६ आणि एक्स६४, दोन्ही.” (रीडिस्ट्रिब्युटेबल म्हणजे सी प्लस प्लस या भाषेत लिहिलेल्या प्रोग्रामांना लागणाऱ्या डीएलएलचं गाठोडं. एक्स८६ म्हणजे ३२-बिट. या राज्यात ८६ हे ६४ च्या निम्मे असतात.) “पण ते असायलाच हवं होतं. तू काही अनइन्स्टॉल केलंस का?”

“छे!” मी म्हणालो.

आदल्या आठवड्यात मी संगणकाची साफसफाई केली होती. प्रोग्रामांच्या यादीत रीडिस्ट्रिब्युटेबल नावाच्या अकरा नोंदी दिसल्या. २००५, २००८, २०१०, २०१२, २०१३ आणि पुढची, बहुतेक दोन-दोनदा. मी इतकं सी प्लस प्लस कधी मागवलं होतं? एकेक करून अकराही उडवल्या आणि किती जागा मोकळी झाली ते दोनदा पाहिलं. त्या प्रत्येकीवर कोणी ना कोणी टेकलेलं होतं, हे नावावरून कुठे कळतं?

भाचीने सांगितलेल्या दोन्ही फायली बसवल्या आणि फोटो उघडले. तिला ‘आपोआप झालं असेल’ असं कळवलं. तिने नुसता अंगठा पाठवला.

दुसऱ्या दिवशी बुद्धिबळाचा एक जुना खेळ उघडला. ‘एमएसव्हीसीआर१२० डॉट डीएलएल’ मिसिंग आहे. १२० म्हणजे २०१३ ची आवृत्ती. तिच्यानंतर थेट १४० आली, मधला १३ चा आकडा गाळलेला. हे सगळं मला आता पाठ होतं. अकरातल्या बाकीच्याही एकेक करून दारात येणार, हेही.

खाली बटण होतं: ‘ओके’.

मी म्हटलं, ओके.